कूलरचं हस्ताक्षर

विद्युतप्रवाह कधीही खोटं बोलत नाही. माणूस बोलतो, कागद बोलतो, साक्षीदार तर त्यासाठीच बोलावले जातात. पण तारेतून वाहणारा प्रवाह हा सत्याचा अखेरचा निर्मळ झरा आहे. हे वाक्य ओळख-मीटरच्या उद्घाटनात वीज कंपनीच्या एका बड्या अधिकाऱ्यांनी उच्चारलं आणि सभागृहातली लाईट गेली. शेजारच्या मंगल कार्यालयातून जनरेटर आणावा लागला. उरलेलं सत्य डिझेलवर सांगण्यात आलं.

मीटर मात्र खरोखरच हुशार होता. जुना मीटर नुसती युनिटं मोजायचा, म्हणजे भिंतीआडून कोणीतरी जेवतंय एवढंच त्याला कळायचं. कोण जेवतंय ते नव्या मीटरला कळत असे. त्यामागचं शास्त्र फार अवघड नाही. कुठलीही मोटर सुरू होताना आधी विजेचा एक मोठा घोट घेते आणि मग सावकाश प्यायला लागते. हा घोट केवढा, तो ओसरतो कसा, फिरताना किती थरथर होते, हे त्या मोटरच्या गुंडाळीवर, घासलेल्या बेअरिंगवर, किंचित वाकलेल्या पात्यावर ठरतं. ही थरथर प्रवाहात उमटते आणि तारेतून मागे मीटरपर्यंत पोचते. एकाच कारखान्यातून एकाच दिवशी निघालेल्या दोन मोटरीही एकसारख्या थरथरत नाहीत. प्रत्येक मोटरचं हस्ताक्षर वेगळं असतं. जिन्यावरच्या पावलांवरून कोण आलं ते जसं घरातल्या बाईला कळतं, तसंच हे.

कंपनीला आणखी एक गोष्ट सापडली. चौकाचौकातल्या डीप्यांवर, म्हणजे विजेच्या रोहित्रांवर, कित्येक वर्षांपूर्वी नोंदणीची यंत्रं बसवलेली होती. रोहित्र जळालं तर कोणाला दोष द्यायचा हे ठरवण्यापुरताच त्यांचा उपयोग होता. त्या यंत्रांनी सगळ्या गल्ल्यांची थरथर इमानेइतबारे साठवून ठेवली होती; ती वाचणारं कोणी नव्हतं. आता वाचणारा प्रोग्रॅम आला. दहा वर्षांपूर्वी कुठल्या गल्लीत कोणता मिक्सर फुकट फिरला, हे आज सांगता येऊ लागलं.

मग नियम बदलला. पूर्वी थकबाकी घराला चिकटायची, त्यामुळे घर विकत घेणारा माणूस आधीच्या मालकाच्या इस्त्रीचे पैसे भरत कोर्टात म्हातारा व्हायचा. हा अन्याय दूर करण्यासाठी थकबाकी उपकरणाला चिकटवण्यात आली. उपकरण ज्याच्या घरी सापडेल त्यानं भरायचं. जुन्या बाजारात लोक मिक्सर फिरवून बघायच्या आधी त्यावर काही बोजा आहे का ते विचारू लागले. लग्नात फ्रिज देणाऱ्या मामांकडे नादेय दाखला, म्हणजे बाकी नसल्याचा कागद, मागितला जाऊ लागला. दोन-तीन सोयरिकी त्यावरून मोडल्या, पण त्या तशाही मोडणारच होत्या असं म्हणतात.

श्रीरंग फेगडेच्या घरात हा नियम माळ्यावरून उतरला.

श्रीरंग नाशिकच्या एका महाविद्यालयात तर्कशास्त्र शिकवत असे. विद्यार्थी कमी, वाद जास्त, असा तो विभाग होता. त्याच्या माळ्यावर एक कूलर होता. तो आणल्यापासून कोणी लावला नव्हता, कारण तो लावायचा कूलर नव्हता, ठेवायचा होता. श्रीरंगचे वडील, अण्णा, भुसावळला थोरल्या मुलाकडे, मुरलीधरकडे, राहत. केळीच्या वखारीत मुनीमगिरी केलेला माणूस. पेन्शन नाही की फंड नाही. नऊ वर्षांपूर्वीच्या मे महिन्यात उष्माघातानं ते गेले. त्याच उन्हाळ्याच्या सुरुवातीला श्रीरंगनं त्यांच्यासाठी नवाकोरा कूलर ऑनलाइन मागवून थेट भुसावळला पाठवला होता. अण्णा गेल्यावर श्रीरंग भुसावळला पोचला तेव्हा घराचा मीटर तोडून सील केलेला होता, आणि कूलर कोपऱ्यात बंद होता. टाकी कोरडी.

"दादा, घरात लाईटच नव्हती?" असं त्यानं विचारलं होतं.

मुरलीधर म्हणाला होता, "तोडलेली दिसत नाही का?"

दोघा भावांतलं हे शेवटचं संभाषण. तेराव्याला श्रीरंगनं टेम्पो केला आणि कूलर परत आणला. त्यानंतर नऊ वर्षं, कोणी विचारलं की तो शांतपणे सांगे, "कूलर होता. लावला नाही." दोन विधानं, एक निष्कर्ष. तर्कशास्त्राच्या माणसाला याहून जास्त लागत नाही.

यंदा नाशिकलाही माणसं भाजून निघाली. एका रविवारी श्रीरंग बाहेर असताना बायकोनं, हेमांगीनं, वॉचमनला बोलावून कूलर खाली उतरवला, टाकी भरली आणि बटण दाबलं.

"अहो, पाच मिनिटंच लावला," तिनं संध्याकाळी सांगितलं. "गरम हवा फेकतोय नुसती. पंप सडला असेल पडून पडून. ठेवलाय परत वर."

पाच मिनिटं पुरेशी होती. आठवड्याभरात नोटीस आली. या घरात आढळलेल्या कूलरच्या पंख्याच्या मोटरनं नऊ वर्षांपूर्वीच्या उन्हाळ्यात भुसावळ येथील अमुक रोहित्रावरून, मीटर नसताना, वीज वापरली आहे. सबब अनधिकृत वापराची आकारणी, दंड, दंडावरचं व्याज. पंधरा दिवसांत न भरल्यास नाशिकच्या घराचा पुरवठा तोडण्यात येईल.

हेमांगीनं नोटीस घेतली आणि आधी पत्ता वाचला. "हा भाऊजींच्या गल्लीतला डीपी ना?"

श्रीरंगनं नोटीस तिच्या हातातून घेतली. नोटीस खरी असेल तर कूलर चालू होता. कूलर चालू असेल तर नऊ वर्षं भावाशी न बोलणारा माणूस गाढव होता. नोटीस खोटी असेल तर अण्णा खरोखरच उकडून गेले. पैसे वाचवायचे असतील तर दुसरं सिद्ध करायला हवं होतं.

"चुकीची आहे," तो म्हणाला.

वीज ग्राहकांना मदत करणाऱ्या कुमुद वारके मॅडम पंचवटीत एका शिवणकामाच्या क्लासच्या मागच्या खोलीत बसत. त्या वीज कंपनीच्याच लेखा विभागातून निवृत्त झालेल्या. नोकरीत असताना लोकांचे अर्ज फेटाळायच्या, आता तेच अर्ज मांडायच्या. त्यामुळे दोन्ही बाजूंचे मुद्दे त्यांना पाठ होते आणि दोन्हींबद्दल आदर नव्हता.

"बसा. बडीशेप घ्या. आता ऐका. आधी कंपनीचा तक्रार कक्ष. तिथे काही होत नाही, पण तिथे काही झालं नाही याची पोच मिळते. ती घेऊन ग्राहक तक्रार मंचाकडे जायचं. मंचावर हरलात तर लोकपाल. लोकपालांकडे हरलात तर हायकोर्ट. आणि तिथे हरलात तर तोवर कूलर लागत नाही, माणूस आपोआप गार पडलेला असतो."

"दोन वर्षांपेक्षा जुनी थकबाकी वसूल करता येत नाही असं वाचलंय मी."

"बिलाची. चोरीला दोन वर्षं नाहीत, नऊ वर्षं नाहीत, काही नाही. मीटर नसताना वापर, म्हणजे ती चोरीच धरणार. आपण एकच म्हणायचं, कूलर तिथे चालूच नव्हता. मीटर तोडल्याची नोंद त्यांच्याच दप्तरी आहे. घरात वीजच नाही तर कूलर काय भजन ऐकून फिरला?" त्यांनी चष्म्यावरून पाहिलं. "तुम्ही तसंही नऊ वर्षं हेच सांगताय ना? आता शपथेवर सांगा. एवढाच फरक."

"आणि नुसतं भरून टाकलं तर?"

"तर प्रकरण मिटलं. भावाला कोणी विचारणार नाही. पण तुमच्या सहा महिन्यांच्या पगाराला चाट बसेल. शिवाय तुम्ही मान्य केलंत असं होईल, की कूलर चालू होता." मॅडमनी बडीशेपेची डबी बंद केली. "लढलात तर भावाला साक्षीला बोलावणार. करतो काय तो?"

"कंपनीच्या वसुली पथकात आहे. ठेकेदाराकडून. लोकांनी तारेवर टाकलेले आकडे काढतो."

वारके मॅडम पहिल्यांदाच हसल्या. "अरे वा. मग तर तो आपलाच साक्षीदार."

श्रीरंगनं आठ दिवस विचार केला, म्हणजे वर्गात शिकवताना मध्येच थांबला आणि घरी जेवताना बोलला नाही. पैसे हा मुद्दा होताच, पण तो पुढे करायला बरा होता. खरं तर त्याला ती नोंद ऐकायची होती. मंचासमोर कंपनीला पुरावा वाजवून दाखवावा लागतो, असं मॅडमनी सांगितलं होतं. त्यानं तक्रारीवर सही केली.

सुनावणी जळगावला होती, मे महिन्यात. मंचाच्या खोलीत एसी होता. तो बंद होता, कारण त्याच्यावर मागच्या कार्यालयाचा बोजा निघाला होता. अध्यक्ष वयस्कर, घामेजलेले, सभ्य. टेबलावर एक छोटी काळी डबी होती. तिचं नाव लेखनिक. खोलीत जे बोललं जाईल ते ही डबी शुद्ध, प्रमाण, कार्यालयीन मराठीत लिहून घेई आणि साक्ष संपल्यावर गोड आवाजात वाचून दाखवी. दोन्ही बाजूंनी "बरोबर" म्हटलं की तोच मजकूर अंतिम. त्यात पुढे लोकपालालाही शब्द बदलता येत नसे.

मुरलीधर दाराशी बाकावर बसला होता. नऊ वर्षांत तो खूपच वाळला होता. खिशावर ठेकेदाराचं ओळखपत्र.

"आला का," तो म्हणाला.

"आलो," श्रीरंग म्हणाला.

वारके मॅडम श्रीरंगच्या कानाशी लागल्या, "ठेक्याची माणसं कायम करण्याची यादी लागतेय म्हणे पुढच्या महिन्यात. तुमचा भाऊ आहे तिच्यात. तो काही वेडंवाकडं बोलायचा नाही. निश्चिंत राहा."

कंपनीच्या तरुण इंजिनिअरनं नोंद वाजवली. थरथर कानाला ऐकू यावी म्हणून तिचा आवाज केला होता. आधी गल्लीचा सगळा गोंधळ आला. मग त्यानं एकेक आवाज गाळत नेला, आणि शेवटी एकच उरला. घुर्र, मग एक खट्ट, मग सलग घरघर. ते खट्ट श्रीरंगला कूलर परत आणताना टेम्पोच्या धक्क्यांतही ऐकू आलं होतं. सैल पातं जाळीला लागायचं.

"हा बघा एप्रिल," इंजिनिअर म्हणाला. "दिवस-रात्र. मधेमधे थोडा वेळ बंद, पथकाच्या फेरीच्या आसपास, मग पुन्हा चालू. हा मे. पुन्हा तेच. आणि ही शेवटची तारीख. इथे भर दुपारी एकदम बंद. संध्याकाळपर्यंत काही नाही. त्यानंतर हे हस्ताक्षर त्या रोहित्रावर पुन्हा कधीच आलं नाही."

त्यानं तारीख वाचली. ती अण्णांची तारीख होती.

खोलीतल्या बाकीच्यांना ती तारीख म्हणजे नुसती तारीख होती.

अध्यक्षांनी मुरलीधरला पुढे बोलावलं. "त्या वेळी घर तुमच्या ताब्यात होतं?"

"हो साहेब."

"घरात वीजपुरवठा होता?"

"मीटर तोडलेला होता. ठेकेदारानं पाच महिने पगार दिला नव्हता, बिल राहिलं. आमच्याच पथकानं तोडला."

वारके मॅडमनी समाधानानं मान हलवली. इथे तो थांबला असता तर सगळं झालं होतं.

मुरलीधरनं श्रीरंगकडे पाहिलं. "पण कूलर चालू होता," तो म्हणाला. "मी आकडा टाकला होता."

मॅडमची मान हलायची थांबली.

"दिवसा लोकांचे काढायचो, आपला राहू द्यायचो. फेरी कुठे हाये ते मले आदल्या दिवशी कळायचं. तेवढा वेळ काढून ठेवायचो. त्या दिवशी साहेबांनी ऐनवेळी गल्ली बदलली. आमचीच. मी जीपमधून उतरलो तो सरळ घराकडे पळालो, कोणी बघायच्या आत आकडा काढला. मग सगळ्यांचे काढले. माझा पहिला."

"मग?" अध्यक्ष हळूच म्हणाले.

"मग जीप पुढे गेली. पूर्ण वॉर्ड करायचा होता. उतरता आलं नाही. आत म्हातारा होता."

अध्यक्षांनी साक्ष संपल्याची खूण केली. मग लेखनिकाचा हिरवा दिवा लागला आणि डबी गोड, स्वच्छ आवाजात वाचू लागली.

"साक्षीदाराच्या घराचा मीटर तोडलेला होता, परंतु वातावरण शीतल होते. साक्षीदाराने संख्या नोंदवली होती. साक्षीदार दिवसा नागरिकांच्या संख्या वजा करीत असे व स्वतःची संख्या कायम ठेवीत असे. घटनेच्या दिवशी साक्षीदाराने सर्वांच्या संख्या वजा केल्या. साक्षीदाराचा पहिला क्रमांक आला. घरात एक ज्येष्ठ नागरिक उपस्थित होते."

कूलरचं डबीनं शुद्ध मराठी केलं होतं, आणि तारेवर टाकायचा आकडा तिला कोणी शिकवलाच नव्हता. तिला शिकवणारे सगळे मीटर असलेल्या घरातले.

अध्यक्षांनी रुमालानं कपाळ पुसलं. "दुरुस्ती हवी असल्यास पक्षकारांनी सांगायचं असतं," ते छताकडे बघत म्हणाले. "मला स्वतःहून करता येत नाही. कंपनी?"

कंपनीचा अधिकारी आणि इंजिनिअर कुजबुजले. कंपनीच्याच वसुली पथकातला माणूस पथकाच्या फेऱ्या चुकवून कंपनीचीच वीज चोरत होता, हे वाक्य कागदावर शुद्ध मराठीत कसं दिसेल याचा त्यांना अंदाज आला असावा.

"मजकूर बरोबर आहे," अधिकारी म्हणाला.

"तक्रारदार?"

वारके मॅडमनी टेबलाखालून श्रीरंगच्या पायावर चप्पल दाबली. ओठ न हलवता त्या म्हणाल्या, "बरोबर म्हणा. जिंकलात."

श्रीरंगनं आयुष्यभर पोरांना सांगितलं होतं की एकाच शब्दाचे दोन अर्थ एका युक्तिवादात मिसळले की तो युक्तिवाद कचऱ्यात टाकावा. दुरुस्ती सांगितली तर सरकारी कागदावर कायमचं लिहिलं जाईल की दादानं अण्णांसाठी चोरी केली, कूलर दिवस-रात्र चालवला. आणि हेही की तो कधी बंद झाला. दादा यादीतून जाईल, नोकरीतून जाईल, बहुधा आतही जाईल. "बरोबर" म्हटलं तर कागदावर कूलर कधी चालूच नव्हता. म्हणजे नऊ वर्षं तो जे सांगत आला तेच खरं ठरेल, आणि ते खोटं असल्याची बोच लागणारे दोघंच उरतील.

मुरलीधर खाली बघत उभा होता. त्याच्या हाताच्या मागच्या बाजूला तारेनं भाजल्याचा एक जुना पांढरा वण होता. तो श्रीरंगला तेराव्यालाही दिसला असणार. तेव्हा त्यानं त्यावरून काही अनुमान काढलं नव्हतं.

"बरोबर आहे," तो म्हणाला.

निकाल जागेवरच झाला. सदर ठिकाणी वीजपुरवठा अस्तित्वात नव्हता; कंपनीने रोहित्राच्या नोंदीचा आग्रह धरला नाही; साक्षीदार घटनाकाळात गणिती कामात व्यग्र होता व त्याची कामगिरी चांगली दिसते; सबब आकारणी रद्द. वारके मॅडमनी प्रत घेतली, "शेवटचं वाक्य फ्रेम करून ठेवते," म्हणाल्या आणि नाशिकची गाडी गाठायला रिक्षात बसल्या.

दोघे भाऊ कार्यालयासमोरच्या रसवंतीत बसले. चरकाची घुंगरं वाजत होती, त्यामुळे लगेच बोलायची सक्ती नव्हती.

"का बोललास?" शेवटी श्रीरंगनं विचारलं. "यादी लागतेय ना?"

"ते वाजवलं ना त्यांनी. खट्ट झालं." मुरलीधरनं ग्लास फिरवला. "नऊ वर्षांनी ऐकलं. मग तोंडात राहीना."

"तेव्हा का नाही सांगितलंस? मी तुला गावभर..."

"तू विचारलं, लाईट नव्हती का. नव्हती म्हटलं की प्रश्न संपतो. होती म्हटलं की मग बंद कधी केली ते सांगावं लागतं." तो रस प्यायला. "तू मले नालायक म्हणत होता, ते परवडत होतं."

श्रीरंगनं ग्लास खाली ठेवला. "पण दादा, चालू होता ना. अण्णांना शेवटपर्यंत गार हवा तर मिळाली. ती एक दुपार सोडली तर..."

मुरलीधर त्याच्याकडे नवलानं बघत राहिला.

"गार कुठून? त्याचा पंप पहिल्या दिवसापासून बंद होता. पंखा फिरायचा फक्त. मी घरी असलो की पाण्याचा मग घेऊन बसायचो, कूलरच्या गवतावर मारायचो. गवत ओलं तोवर गार. मी ड्यूटीवर गेलो की गरम वाफच. त्या दुपारी चालू असता तरी गरमच असता."

कंपनीच्या नोंदीत एकच हस्ताक्षर होतं, पंख्याचं. एका कूलरमध्ये दोन मोटरी असतात, एक पंख्याची आणि एक पाणी चढवणाऱ्या पंपाची, हे मंचासमोर कोणाच्याच लक्षात आलं नव्हतं. हेमांगीला पाच मिनिटांत कळलं होतं.

"अरे, मग मला कळवायचं," श्रीरंग म्हणाला. "नवा कूलर होता. कूलर कंपनीचा माणूस घरी आला असता."

"आला असता. आणि म्हणाला असता, लाईट कुठून घेतली?"

चरक थांबला. रसवाल्यानं नवा ऊस घातला. श्रीरंगला नाशिकच्या कपाटातली फाईल डोळ्यांसमोर दिसली. कूलरचं कार्ड त्यानं कूलर मागवला त्याच दिवशी छापून तिच्यात लावलं होतं, नीट, तारीख घालून.

कूलरला दोन वर्षांची वॉरंटी होती. पंपासकट.